नॉटोवेकाठची काहील

अमेरिकेतल्या व्हर्जिनिया राज्याच्या दक्षिण भागातून नॉटोवे नावाची नदी वाहते. इ. स. १८२८ मध्ये या नदीकाठच्या रानात काही मंडळी शिकारीला उतरली होती. त्यांचे यजमान डॉ. क्रीड हॅस्किन्स हे ब्रन्सविक काउंटीतले मोठे जमीनदार आणि राज्याच्या विधिमंडळाचे सदस्य. मंडळी बंदुका घेऊन रानात शिरली आणि तळावर मागे राहिले ते हॅस्किन्स यांचे स्वयंपाकी जिमी मॅथ्यूज. मॅथ्यूज यांनी आसपासच्या झाडांवरच्या खारी टिपल्या, सोलल्या आणि बिडाच्या भांड्यात पाण्यावर चढवल्या. त्यात लोणी, कांदे, शिळा पाव आणि चवीपुरते मीठमसाले घालून ते मंद आचेवर रटरटत ठेवले. शिकारी परतले तेव्हा भांड्यातले ते दाट, राखाडी कालवण पाहून त्यांनी आधी नाके मुरडली. मग एकाने घास घेतला, दुसऱ्याने घेतला आणि सगळ्यांनी पुन्हा मागून घेतले.

अमेरिकेच्या दक्षिणेत ब्रन्सविक स्ट्यू या नावाने जे कोंबडीचे आणि भाज्यांचे कालवण आज खाल्ले जाते, त्याच्या जन्माची ही कथा. आजही ते झटपट होत नाही. पहाटे चूल पेटवावी तेव्हा दुपारी वाढायला मिळते. कोंबडी, बटाटे, टोमॅटो, मका आणि शेंगदाण्याएवढे पांढुरके वाल त्यात इतके शिजतात, की कोंबडीचे धागे सुटून भाज्यांत मिसळून जातात. या एका कालवणाच्या जन्मस्थानावरून दोन राज्यांत वर्षानुवर्षे वाद चालला, विधिमंडळात ठराव झाले, स्मारके उभी राहिली. मात्र ज्या माणसाने ते पहिल्यांदा ढवळले असे सांगतात, त्याच्या आयुष्याविषयी या सगळ्या खटाटोपात फार थोडे बोलले गेले.

ही हकीकत पुस्तिकेत छापून आली ती घटनेनंतर जवळजवळ ऐंशी वर्षांनी. १९०७ साली जेम्सटाउनच्या वसाहतीला ३०० वर्षे झाली. अमेरिकेतली इंग्रजांची ती पहिली टिकलेली वसाहत, त्यामुळे व्हर्जिनियात मोठे प्रदर्शन भरले. त्यानिमित्ताने ब्रन्सविक काउंटीची माहिती देणारी एक पुस्तिका आय. ई. स्पॅटिग यांनी तयार केली आणि तीत स्ट्यूची ही कथा आली. तोवर मॅथ्यूज आणि हॅस्किन्स दोघेही काळाच्या पडद्याआड गेले होते. कथा टिकली होती ती घराण्यातल्या सांगण्यावरून. त्यामुळे तिच्यातला प्रत्येक तपशील जसाच्या तसा धरून चालणे धोक्याचे आहे. मात्र मॅथ्यूज यांचे नाव त्या सांगण्यात टिकून राहिले, ही साधी गोष्ट नाही. त्या काळच्या दक्षिणेत हजारो काळ्या स्वयंपाक्यांच्या हातचे अन्न गोऱ्या घरांच्या नावावर जमा झाले आणि ते हात कोणाचे होते याची नोंद कुठेच राहिली नाही.

या कथेत मॅथ्यूज यांचा उल्लेख ‘अंकल जिमी’ असा येतो. मराठी वाचकाला त्यात आपुलकी दिसेल. तिथे प्रकार वेगळा होता. वयस्क काळ्या पुरुषाला ‘मिस्टर’ म्हणायचे नाही, आडनावाचा मान द्यायचा नाही, म्हणून गोऱ्यांनी वापरायचे ते संबोधन होते. हॅस्किन्स ‘डॉक्टर’ राहिले आणि मॅथ्यूज ‘अंकल’. हॅस्किन्स यांच्या मळ्यावरचे गुलाम स्वयंपाकी अशीच मॅथ्यूज यांची ओळख सांगितली जाते.

त्या ब्रन्सविक काउंटीचे चित्र डोळ्यांसमोर आणले तर कथेचा अर्थ बदलतो. काउंटी स्थापन झाली १७२० मध्ये. इंग्लंडच्या गादीवर तेव्हा पहिला जॉर्ज होता. तो मूळचा जर्मनीतल्या ब्रन्सविक-ल्यूनेबर्गचा ड्यूक, म्हणून काउंटीला ते नाव मिळाले. जमीन तंबाखूची. तंबाखूचे पीक माणसाकडून वर्षभर काम मागते आणि जमिनीचा कसही शोषून घेते. रोपे लावा, शेंडे खुडा, अळ्या वेचा, पाने तोडा, कोठारात टांगून सुकवा, हे सगळे काम गुलामांच्या पाठीवर चालत असे. एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात या काउंटीतली निम्म्याहून जास्त माणसे गुलाम होती.

गुलामांना मिळणारा शिधा किती असे, याचा एक पक्का दाखला आहे. शेजारच्या मेरीलँड राज्यात गुलामीत जन्मलेले फ्रेडरिक डग्लस पुढे निसटून स्वतंत्र झाले आणि १८४५ मध्ये त्यांनी आत्मचरित्र प्रसिद्ध केले. त्यांच्या मळ्यावर मोठ्या माणसाला महिन्याला ८ पौंड, म्हणजे साडेतीन किलोच्या आसपास, डुकराचे मांस किंवा तेवढ्याच मोलाचे मासे आणि एक बुशेल, म्हणजे सुमारे ३५ लिटर मापाचे, मक्याचे पीठ मिळे. सूर्य उगवल्यापासून मावळेपर्यंत शेतात राबणाऱ्या माणसाला एवढ्यात भागवावे लागे. उरलेली गरज भागायची ती झोपडीमागच्या परसातून आणि रानातून. रात्री फासे लावून धरलेले पोसम, रॅकून, ससे आणि खारी याच त्या चुलींवरच्या रोजच्या गोष्टी.

आपल्याकडची खार मूठभर असते. तिच्या पाठीवर रामाची बोटे उमटल्याची कथा ऐकत वाढलेल्या मराठी माणसाला खारीचे कालवण ही कल्पनाच झेपायची नाही. व्हर्जिनियातली करडी खार मात्र चांगली अर्धा किलोची भरते, ओक आणि हिकरीची फळे खाऊन शरदात गलेलठ्ठ होते. तिचे मांस चिवट. भाजून खायला गेले तर दातांत अडकते, पण पाण्यात मंद आचेवर तीनचार तास ठेवले की स्नायूंना बांधून ठेवणारे तंतू विरघळतात आणि पाण्याला चिकटसर दाटपणा येतो. शिळ्या पावाने ते आणखी घट्ट होते. म्हणजे मॅथ्यूज यांनी त्या दिवशी जे केले ते अंदाजाने किंवा अपघाताने केलेले दिसत नाही. चिवट मांस, थोडी चरबी, शिळे उरलेले आणि भरपूर वेळ यांतून पोटभर जेवण उभे करायची ही रीत गुलामांच्या वस्तीत रोजची होती. निखाऱ्यांवर भांडे ठेवून कामाला जायचे आणि परतल्यावर जेवायचे. पश्चिम आफ्रिकेतून पकडून आणलेल्या माणसांनी एकाच भांड्यात सगळे शिजवायची सवय बरोबर आणली होती. नॉटोवेच्या काठी शिकाऱ्यांना जे नवे वाटले, ते वाढणाऱ्याला नवे नसावे.

त्या भांड्याला आणखी एक जुना वारसा आहे. नॉटोवे हे नदीचे नाव तिथल्या मूळ जमातीचे. आजच्या लॉरेन्सव्हिल या काउंटीच्या मुख्य गावाजवळ १७१४ मध्ये गव्हर्नर अलेक्झांडर स्पॉट्सवूड यांनी फोर्ट क्रिस्टाना नावाची गढी बांधली. सापोनी आणि त्यांच्या सोबतच्या जमातींशी व्यापार करायचा आणि त्यांच्या मुलांना ख्रिस्ती शिक्षण द्यायचे, हा तिचा उद्देश. चार वर्षांतच तो प्रयोग बंद पडला. या भागातल्या जमाती मका आणि वाल एकाच शेतात लावत आणि हाती लागलेल्या शिकारीबरोबर एकाच भांड्यात शिजवत. पुढे ब्रन्सविक स्ट्यूची ओळख ठरलेली मका आणि वाल ही जोडी तिथूनच आली असावी.

आजच्या स्ट्यूतली एकेक गोष्ट उचलून पाहावी. मका मेक्सिकोचा, बटाटा अँडीज पर्वतातला, टोमॅटोही अमेरिका खंडाचाच. वाल म्हणजे तिकडचा लिमा बीन, पेरूच्या राजधानीचे नाव मिळालेला. दक्षिणेत त्याला बटर बीन म्हणतात आणि आपल्याकडे तो वाण्याच्या दुकानात डबल बी म्हणून मिळतो. यातली बरीच पिके पोर्तुगीजांच्या गलबतांतून गोव्याच्या किनाऱ्याला लागली आणि आपल्या स्वयंपाकघरात अशी मुरली, की आज मिरची-बटाट्याशिवाय मराठी जेवणाची कल्पना करता येत नाही. व्हर्जिनियाच्या काहिलीत मात्र ती आपल्याच खंडावर शिजत होती. परकी होती ती कोंबडी. ती मूळची आशियातली.

मॅथ्यूज यांच्या कथेत टोमॅटो, मका, बटाटा, वाल यांतले काहीच नाही. लोणी, कांदा, पाव आणि खार एवढेच आहे. मग भाज्या शिरल्या कधी? टोमॅटो तर तेव्हाही व्हर्जिनियात होता. थॉमस जेफरसन यांच्या मॉन्टिसेलोच्या बागेत १८०९ पासून तो लावल्याच्या नोंदी आहेत आणि मेरी रँडॉल्फ यांच्या १८२४ सालच्या ‘द व्हर्जिनिया हाउस-वाइफ’ या पाककृतींच्या पुस्तकात त्याचे अनेक पदार्थ आहेत. ‘ब्रन्सविक स्ट्यू’ हे नाव छापील मजकुरात दिसू लागते ते १८५० च्या दशकात. एका मळ्यावरचा पदार्थ शेजारच्या मळ्यावर गेला, तिथल्या परसात जे होते ते त्यात पडले आणि पंचवीसतीस वर्षांत भाज्यांचा स्ट्यू तयार झाला, असा हा प्रवास दिसतो. पदार्थ एका दिवसात जन्मत नाहीत. तरीही लोकांना त्याची तारीख आणि जागा हवी असते.

छापील पुराव्यांत सर्वांत बोलका आहे तो १८७९ चा. त्या वर्षी मॅरिअन कॅबेल टायरी यांनी ‘हाउसकीपिंग इन ओल्ड व्हर्जिनिया’ हे पुस्तक काढले. राज्यातल्या २५० नामवंत गृहिणींच्या कृती त्यात गोळा केल्या होत्या आणि त्यांत ब्रन्सविक स्ट्यू होता. त्यातली एक कृती अशी: जेवणाच्या चार तास आधी एक गॅलन पाण्यात बेकनचे दोनतीन तुकडे, दोन खारी किंवा कोंबड्या आणि चिरलेला कांदा घालून उकळत ठेवायचा. मग सोललेले टोमॅटो, किसलेला मका, बटाट्याच्या चकत्या, मूठभर बटर बीन आणि लाल मिरचीचा तुकडा टाकायचा. हाडे सुटी होऊन काढता येतील इतके शिजले, की शेवटी चमचाभर पावाचा चुरा आणि मोठा चमचा लोणी.

हा शेवटचा चमचा महत्त्वाचा आहे. भाज्यांमुळे स्ट्यू आपोआप दाट होत असताना पावाचा चुरा घालायची गरजच काय होती? तो चुरा आणि ते लोणी म्हणजे मॅथ्यूज यांच्या भांड्यातल्या शिळ्या पावाचा आणि लोण्याचा उरलेला अंश आहे, असे मानायला जागा आहे. पन्नास वर्षांत भोवताली सगळे बदलले, पण जुन्या कृतीचे हाड तेवढे आत राहिले. ‘खारी किंवा कोंबड्या’ हे दोन शब्दही तितकेच सांगणारे आहेत. पदार्थ रानातून अंगणात येत होता, त्या वेळेचे ते टिपण आहे.

टायरी यांच्या पुस्तकातल्या कृती गृहिणींच्या नावाच्या आद्याक्षरांनिशी छापल्या आहेत. त्यांच्या स्वयंपाकघरांत प्रत्यक्ष चुलीशी कोण उभे होते, हे तिथे लिहिलेले नाही. लिहिणार तरी कोण? १८३१ साली व्हर्जिनियाच्या विधिमंडळाने काळ्या माणसांना लिहायला-वाचायला शिकवण्यासाठी भरणाऱ्या सभांवर कायद्याने बंदी घातली होती. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये ब्रन्सविकच्या पूर्वेला, थोड्याच अंतरावरच्या साउदॅम्प्टन काउंटीत नॅट टर्नर यांच्या नेतृत्वाखाली गुलामांचा उठाव झाला. पन्नासहून अधिक गोरी माणसे मारली गेली आणि त्याच्या सूडापोटी कितीतरी निरपराध काळ्या माणसांचा बळी गेला. त्यानंतर निर्बंध आणखी आवळले. त्यामुळे काळ्या स्वयंपाक्यांची विद्या हातातून हातात आणि कानातून कानात गेली. ती कागदावर यायला गुलामांच्या मुक्तीनंतरची वर्षे उजाडावी लागली. साउथ कॅरोलायनात गुलामीत जन्मलेल्या ॲबी फिशर यांनी १८८१ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोत आपले पाककृतींचे पुस्तक काढले. त्यांना लिहिता-वाचता येत नव्हते, म्हणून त्यांनी सांगितले आणि दुसऱ्यांनी लिहून घेतले. टोमॅटो, बटर बीन, मका आणि डुकराचे मांस एकत्र शिजवलेला एक पदार्थ त्यातही आहे. ब्रन्सविक स्ट्यूच्या तो अगदी जवळचा.

मुक्ती आली, अमेरिकेतले यादवी युद्ध संपले आणि स्ट्यूचे भांडे मोठे होत गेले. निवडणुकीच्या सभा, ४ जुलैचा स्वातंत्र्यदिन, चर्चचे मेळावे, जिथे शेकडो माणसांना एकाच वेळी जेवू घालायचे तिथे हा पदार्थ सोयीचा. मांस थोडे, भाज्या भरपूर, आणि माणसे वाढली की पाणी व बटाटे वाढवता येतात. गुऱ्हाळात रस आटवायला असते तशी प्रचंड काहील, तिच्याखाली लाकडांचा जाळ आणि पाळीपाळीने ढवळणारी माणसे, असे या पदार्थाचे रूप ठरून गेले. केंटकी राज्यात याच धाटणीच्या कालवणाला बर्गू म्हणतात. तिथल्या जेम्स लूनी या बर्गू रांधणाऱ्याची एवढी ख्याती झाली, की लोक त्याला ‘बर्गू किंग’ म्हणू लागले आणि त्याच्यावरून एका घोड्यालाही तेच नाव दिले गेले. त्या घोड्याने १९३२ ची केंटकी डर्बी जिंकली. दक्षिणेत या काहिलींना केवढा मान होता हे त्यावरून कळते.

खार पूर्णपणे मागे पडली ती विसाव्या शतकात, आणि त्याला कारण झाला एक हिशेबाचा घोळ. १९२३ मध्ये डेलावेअर राज्यातल्या ओशन व्ह्यू गावच्या सेसिल स्टील या बाईंनी अंड्यांसाठी कोंबड्यांची ५० पिल्ले मागवली होती. आली ५००. परत पाठवण्याऐवजी बाईंनी ती वाढवली आणि कोवळी असतानाच मांसासाठी विकून टाकली, पौंडाला ६२ सेंट भावाने. केवळ खाण्यासाठी कोंबड्या वाढवण्याचा धंदा अमेरिकेत रुजला तो इथून. पुढे जॉर्जियातल्या गेन्सव्हिल गावी जेसी ज्युएल यांनी शेतकऱ्यांना पिल्ले आणि खाद्य उधारीवर देऊन हाच धंदा दक्षिणेत पसरवला. तोवर कोंबडी म्हणजे रविवारची चैन होती. ती स्वस्त झाली तशी चर्चच्या आवारातल्या काहिलीत शंभर-शंभर कोंबड्या पडू लागल्या. खारींवर एवढ्या पंगती उठणे शक्यच नव्हते.

जॉर्जियाचे नाव निघालेच आहे, तर तिथल्या दाव्याकडे वळावे. जॉर्जियाच्या समुद्रकिनाऱ्यावर ब्रन्सविक नावाचे शहर आहे. ते १७७१ मध्ये वसले आणि त्याचे नावही पहिल्या जॉर्जच्या त्याच हॅनोव्हर राजघराण्यावरून आले. तिथे चौथऱ्यावर २५ गॅलनचे, म्हणजे जवळपास ९५ लिटरचे, लोखंडी भांडे ठेवले आहे. त्यावरची पाटी सांगते, की पहिला ब्रन्सविक स्ट्यू याच भांड्यात जवळच्या सेंट सायमन्स बेटावर २ जुलै १८९८ रोजी शिजला. तारीख नेमकी आहे, भांडे खरे आहे, त्यामुळे पाहणाऱ्याला पटते. परंतु त्याआधी १९ वर्षे टायरीबाईंच्या पुस्तकात त्याची कृती नावानिशी छापलेली होती. त्यामुळे हा दावा टिकत नाही.

जॉर्जियाने या पदार्थाला स्वतःची चव दिली, हे मात्र मान्य केलेच पाहिजे. तिथे कोंबडीच्या जोडीला धुरावर भाजलेले डुकराचे मांस, कधी गोमांसही येते. टोमॅटोचा आंबटगोडपणा आणि बार्बेक्यूच्या सॉसचा झणका असतो. हा स्ट्यू वाटीत घालून बार्बेक्यूच्या ताटाशेजारी ठेवतात. व्हर्जिनियात तो स्वतंत्र जेवण आहे, कोंबडीवर उभा आणि चवीला सौम्य. दोन्हीकडची माणसे समोरच्याचा स्ट्यू खरा नाही असे ठासून सांगतात. नॉर्थ कॅरोलायनातही एक ब्रन्सविक काउंटी आहे आणि तिचेही लोक अधूनमधून हक्क सांगतात.

वाद चांगलाच पेटला तो १९८० च्या दशकाच्या शेवटी. १९८८ मध्ये व्हर्जिनियाच्या विधिमंडळाने ब्रन्सविक काउंटी हीच या स्ट्यूची जन्मभूमी असल्याचे जाहीर केले. जॉर्जियाने ते मान्य केले नाही. दोन्हीकडचे रांधणारे काहिली घेऊन एकमेकांच्या गावांत गेले, समोरासमोर चुली मांडल्या, वर्तमानपत्रांनी त्याला ‘स्ट्यू वॉर’ म्हटले. पुढे व्हर्जिनियाने जानेवारीतला चौथा बुधवार ब्रन्सविक स्ट्यू दिन म्हणून ठरवून टाकला. त्या दिवशी ब्रन्सविक काउंटीतून रांधणारी टोळी रिचमंडला येते, विधानभवनाच्या आवारात काहील चढवते आणि आमदारांना गरमागरम स्ट्यू वाढते. इमारत तीच, जेफरसन यांनी आराखडा केलेली, जिथे कधी काळी हॅस्किन्स सदस्य म्हणून बसत.

ही रांधणारी मंडळी कशी काम करतात ते बघण्यासारखे आहे. प्रमुखाला स्ट्यूमास्टर म्हणतात. तो बहुतेक वेळा शेतकरी, दुकानदार किंवा अग्निशमन दलाचा स्वयंसेवक असतो आणि कला वडीलधाऱ्यांकडून शिकलेला असतो. काहील ७० ते ८० गॅलनची, म्हणजे तीनशे लिटरच्या घरातली. अंधार असतानाच जाळ लागतो. आधी खारवलेली डुकराची चरबी वितळते, मग कोंबडी आणि पाणी. कोंबडीचे तुकडे मोडू लागले की बटाटे आणि कांदे. बटाट्याचे काम चवीपेक्षा दाटपणाचे, ते विरघळून गेले पाहिजेत. नंतर टोमॅटो, त्यामागून बटर बीन.

मका सगळ्यात शेवटी. त्यातली साखर आणि सत्त्व तळाला बसते आणि क्षणात करपते. एकदा तळ लागला की तीनशे लिटरला जळका वास येतो आणि मग काही केल्या तो जात नाही. म्हणून मका पडल्यानंतर वल्ह्याएवढे लाकडी ढवळणे एक पळही थांबत नाही. हात भरून आले की दुसरा पुढे होतो. काहिलीच्या तळाला ढवळणे घासल्याचा आवाज ऐकून जाळ ओढायचा की वाढवायचा हे स्ट्यूमास्टर ठरवतो. सहासात तासांनी मिश्रण एवढे घट्ट होते, की मधोमध उभे केलेले ढवळणे पडत नाही. तेव्हा स्ट्यू झाला. भोवती तोवर डबे घेऊन रांग लागलेली असते. क्वार्टच्या मापाने तो विकला जातो आणि जमलेल्या पैशांतून गावच्या अग्निशमन दलाला गाडीचे सामान येते, चर्चचे छप्पर दुरुस्त होते, कोणाच्या आजारपणाचा खर्च भागतो. लॉरेन्सव्हिल आणि आल्बर्टा या गावांच्या परिसरात शरद ऋतू आला की शनिवारी कुठे ना कुठे असा धूर दिसतोच.

स्ट्यू जिवंत राहिला तो या काहिलींमुळे. हवाबंद डब्यांतला स्ट्यू दुकानात मिळतो आणि चार भांडी कमी घासावी लागतात म्हणून घरोघरी तो विकतही घेतला जातो, पण पहाटेपासून ढवळलेल्या काहिलीची चव त्याला येत नाही. सहा तास ढवळण्याला पर्याय नाही.

ब्रन्सविक काउंटीत रस्त्याच्या कडेला राज्याच्या इतिहास खात्याचा एक फलक आहे. १८२८ ची शिकार, डॉ. हॅस्किन्स आणि जिमी मॅथ्यूज, खारी, लोणी, कांदे, शिळा पाव, सगळे त्यावर आहे. ही लोकपरंपरा आहे असेही फलक प्रामाणिकपणे सांगतो. इतर राज्यांचेही असे दावे आहेत पण व्हर्जिनियाचा पहिला, असा निर्वाळाही देतो. मॅथ्यूज यांची ओळख तिथे ‘तळावरचा स्वयंपाकी’ एवढीच आहे. ज्या काउंटीत निम्म्याहून जास्त माणसे गुलाम होती, तिथे त्या ओळखीत आणखी एक शब्द असायला हवा. जॉर्जियाचे भांडे १८९८ चे, म्हणून ते बाद झाले. व्हर्जिनियाचा दावा उभा आहे तो एका गुलाम माणसाच्या हातच्या चवीवर. तेव्हा पुढचा फलक लिहिला जाईल त्यावर डॉक्टरांच्या आधी जिमी मॅथ्यूज यांचे नाव यावे, आणि ते गुलाम होते हेही स्पष्ट लिहावे.